आमच्या गढीच्या पायऱ्या

१२ मे, रविवार

नाही म्हणजे नाही!

चर्च सुटल्यावर टॉर्किलने दारातच गाठलं. हातात पाकीट. "इफी, तुझ्यासाठी," म्हणाला. उघडलं तर आत तिकीट. इन्व्हर्नेसहून निघणारी एका दिवसाची बस-सहल. टीव्हीवर गाजलेल्या त्या जमीनदारांच्या मालिकेत दाखवलेले तीन किल्ले, सोबत गाईड, जेवण ज्याचं त्याने बघायचं. येत्या गुरुवारची.

"ज्याच्यावर शनिवारी आग ओकणार आहेस, ते एकदा बघून तरी ये," म्हणाला.

"गटारात काय असतं ते बघायला मी गटारात उतरत नाही."

"बसमध्ये बिस्किटं देतात म्हणे."

हा टॉर्किल! जन्मभर या खोऱ्यात टपाल वाटलं आणि आता निवृत्त झाल्यावर गावसमितीचा अध्यक्ष होऊन बसलाय. टपालाची सवय जात नाही. नको असलेलं पाकीटसुद्धा हातात कोंबूनच जातो.

शनिवारची सभा म्हणजे काय, ते एकदा स्वतःसाठी स्वच्छ लिहून ठेवते. अर्डव्हॅनीची गढी आता गावाची आहे. शेवटच्या जमीनदाराकडून ती आम्ही गावकऱ्यांनी मिळून विकत घेतली. त्या लढ्यातल्या प्रत्येक सभेत मी बोलले. घसा फाटेपर्यंत बोलले. आणि आता त्याच मालिकेची कंपनी आली आहे. त्यांना दोन उन्हाळे गढी हवी आहे, नव्या मालिकेच्या चित्रणासाठी. बदल्यात पडायला आलेलं छप्पर नवं घालून देणार. मग मालिका लागणार, मग बसगाड्या येणार, मग जगभरातले लोक आमच्या गढीसमोर तोंडं वेडीवाकडी करून फोटो काढणार.

द्यायची की नाही, ते शनिवारी हात वर करून ठरेल. विरोधात बोलायला गावाने मला नेमलंय. बाजूने बोलायला कुणी पुढेच येईना. समोर मी म्हटल्यावर! शेवटी अध्यक्ष असून टॉर्किललाच बोलावं लागणार आहे. बिचारा.

१३ मे, सोमवार

पाऊस. तिकीट चहाच्या डब्याखाली सरकवलंय, डोळ्यांसमोर नको म्हणून. दिवसभरात चहा मात्र फार झाला.

१४ मे, मंगळवार

डोनाल्डिना आली. शेतातून थेट, गुडघ्यापर्यंत चिखल. शनिवारी माझ्या बाजूचा सगळ्यात पक्का हात तिचा. तिकीट तिला दाखवलं. वाटलं, फाडून चुलीत टाकेल. तर म्हणाली, "जा की! शत्रूचा दारूगोळा फुकटात मिळतोय आणि तू नको म्हणतेस?"

मग टेबलावर मूठ आपटून बातमी दिली. कंपनीच्या माणसाने टॉर्किलला कथा सांगितली आणि टॉर्किलच्या पोटात ती दोन दिवसही राहिली नाही. नव्या मालिकेत आमच्या गढीच्या पायऱ्यांवर देखणा तरुण जमीनदार गुडघ्यावर बसून नायिकेला अंगठी देणार आहे!

"माझ्या खापरपणजीला ज्या पायऱ्यांवरून हाकललं," डोनाल्डिना म्हणाली, "तिथं तो अंगठी देणार! इफी, तू सोडू नकोस हं त्यांना."

सोडते की काय! दोनशे वर्षांपूर्वी त्या पायऱ्यांवर उभं राहून जमीनदाराच्या कारभाऱ्याने गाव उठवल्याचा हुकूम वाचला. मेंढ्यांना कुरण हवं म्हणून माणसं नको झाली. मी पोरांना तीस वर्षं इतिहास शिकवला तो याच पायऱ्यांवर बसवून. त्या दगडांवर प्रेमकथा? छप्पर कोसळलं तरी चालेल!

भाषणाची सुरुवात सुचली. "मित्रहो, दगडांना लाज नसते, म्हणून ती आपण राखायची असते." बरी आहे.

१५ मे, बुधवार

शत्रू ओळखावा म्हणून त्यांच्या जुन्या, सहलीवाल्या मालिकेचा एक भाग पाहिला. नायक सारखा नदीत पडतो. सदरा ओला झाल्याशिवाय त्याला बोलताच येत नाही. सगळ्यात खटकले ते दात. त्या काळात असले दात कुणाचे होते? राजाचेसुद्धा नव्हते!

दुसराही भाग पाहिला. केवळ खात्री करून घ्यायला.

तिसराही.

१६ मे, गुरुवार

घरी येऊन पाय गरम पाण्यात सोडलेत. सगळं सांगते. कुणाला? कागदाला. त्याच्याइतकं शांतपणे माझं कुणीच ऐकत नाही.

सकाळी टॉर्किलनेच मोटारीने इन्व्हर्नेसला सोडलं. वाटभर शीळ घालत होता. उतरताना म्हणाला, "गाईडला मारू नकोस. लेकराबाळांचा असेल."

गाईडचं नाव सोर्ली. तिशीतला, तांबडी दाढी, कमरेला चौकड्यांचा किल्ट, आवाज घंटेसारखा. मला बघताच हात पुढे केला. "या मावशी, पुढे बसा. मागे बसलं की उलटी होते कुणाकुणाला."

"मला दुसऱ्यांची भाषणं ऐकून तेवढी होते," मी म्हटलं.

"मग आज पिशवी लागणार. दिवसभर मीच बोलणार आहे!"

शेजारच्या सीटवर डार्लीन. कॅनडातल्या केप ब्रेटनहून आलेली, माझ्याच वयाची असेल, पण माझ्या दीडपट. अंगात टाचेपर्यंत हिरवा झगा, खांद्यावर ताटाएवढा बिल्ला. मालिकेतल्या नायिकेचा! माझ्या हातावर मेपलची गोळी ठेवली आणि विचारलं, "झगा हुबेहूब आहे ना हो?"

"मालिकेतल्यासारखा हुबेहूब आहे," मी म्हटलं. "त्या काळच्या बायकांसारखा नाही."

"नाहीच मुळी! त्यांना बिचाऱ्यांना असलं अस्तर कुठून मिळायला?" आणि अशी हसली की सीटची स्प्रिंग किंचाळली. अपमान करायला जावं आणि समोरच्याने तोच खाऊ म्हणून खावा. आता काय करायचं?

पहिला किल्ला किनॉर्ड. धुक्यासारखा बारीक पाऊस. सगळी बस उतरून फाटकाकडे धावली, कारण नायकाला तिथे बाण लागला होता. मी मात्र तटबंदीकडे गेले. काय भिंत! काळीभोर, शेवाळलेली. म्हटलं, हिच्याशी दोन शब्द बोलावेत. टेकले, तर भिंत हलली! खरोखर हलली. सोर्ली धावत आला. "मावशी, जपून! ती फोमची आहे. चित्रण संपल्यावर न्यायची विसरले. आता तिच्याआड मेंढ्या पावसाच्या बसतात, म्हणून शेतकरी काढू देत नाही."

मला इतकं हसू आलं की दगडावर बसले. बसण्यापूर्वी दगड ठोकून पाहिला.

सोर्लीचं बोलणं चांगलं आहे. हे मान्य करायला जड जातंय, पण चांगलं आहे. थांबायचं कुठे ते त्याला कळतं. तो स्वतः त्या मालिकेत गर्दीत उभा होता. "मी या मालिकेत तीनदा मेलोय," म्हणाला. "एकदा तलवारीने, एकदा तापाने, आणि एकदा मला सांगितलंच नाही कशाने, नुसतं पड म्हणाले." त्या हिवाळ्यात त्याच्या गावात एकाही पुरुषाने दाढी केली नाही. दाढीवाल्यांना आधी घेत म्हणून. पाद्रीबुवांनीसुद्धा वाढवली होती.

जेवायला खानावळीत. मसूर-गाजराचं सूप, ओटच्या भाकऱ्या. सोर्ली आमच्याच टेबलाशी. डार्लीनने विचारलं, "घरचे खूश झाले असतील ना, तुला पडद्यावर बघून?"

"आजी आठवडाभर बोलली नाही," तो म्हणाला. "एका भागात मी शिपाई होतो. झोपडीला आग लावतो तो. आजी म्हणाली, आपल्या घरादाराला आग लावणाऱ्यांचे कपडे तू घातलेसच कसे!"

"मग?" मी विचारलं.

"मग काय, पुढच्या भागात मेलो. तेव्हा बोलायला लागली."

त्या आजीला भेटायला हवं.

दुसरा किल्ला डनव्हरिक. आणि इथे माझा पारा चढला. मोठ्या दगडी पायऱ्या, आमच्या गढीच्या आहेत तशाच, फक्त रुंद. नायक म्हणे त्यावरून उडी मारून घोड्यावर बसला. फोटोसाठी रांग! एक जण उडी मारतो, दुसरा घोडा होतो. डार्लीनने झगा सावरत उडी मारली आणि घोडा व्हायला कुणी तयार होईना. हसण्याचा नुसता गदारोळ.

मी खाली उभी राहून दात आवळत होते. हे असंच आमच्याकडे होणार. अगदी असंच.

बस सुटली. सोर्लीने माईक घेतला. "मंडळी, जमीनदार म्हणजे नुसता मालक नव्हे हं. कुळाचा बाप! सगळी रयत त्याची लेकरं. त्या पायऱ्यांवर उभा राहून तो त्यांची गाऱ्हाणी ऐकायचा."

"खोटं!" मी म्हणाले.

ठरवून नाही. आपसूक. पण माझा आवाज सभांत तयार झालेला आहे, शेवटच्या सीटपर्यंत गेला.

सोर्ली थांबला. "काय म्हणालात मावशी?"

"खोटं म्हणाले. बापाने लेकरांची घरं जाळल्याचं कधी ऐकलंय का? गाऱ्हाणी ऐकायचा! कान होते का त्याला?"

बसमध्ये खसखस. सोर्लीचे कान लाल. त्याने माईक माझ्यापुढे धरला. "तुम्ही शिक्षिका होतात ना? सकाळपासून ओळखलंय. घ्या बाई. मग तुम्हीच सांगा. मी जरा खाली बसून बिस्किटं खातो."

टोमणा होता. पण माईक होता! आणि माझ्यापुढे माईक धरून तो परत मिळाल्याचं या देशात कुणाला आठवत नाही.

मी सांगितलं. आमच्या गढीचं सांगितलं. दोनशे वर्षांपूर्वीची वसंतातली सकाळ. कारभाऱ्याने सगळं गाव पायऱ्यांपुढे बोलावलं. हुकूम इंग्रजीत. गावाला येत होती फक्त गेलिक. हुकुमात लिहिलं होतं, घरं सोडा, छपरं काढली जातील, जहाज ठरलेलं आहे. लोकांना एक अक्षर कळलं नाही. पण मागचा हिवाळा वाईट गेला होता, म्हणून त्यांना वाटलं जमिनीचा खंड माफ झाला. वाचून संपलं. आणि सगळ्या पुरुषांनी टोप्या काढल्या. एक बाई कडेवर पोर घेऊन पुढे आली, खालच्या पायरीपर्यंत, आणि सगळ्या गावाच्या वतीने तिने कारभाऱ्याचे आभार मानले. गेलिकमध्ये. त्याला एक अक्षर कळलं नाही. त्याने मान डोलावली.

आठवडाभरात छपरं पेटली.

मी एवढंच सांगितलं. हात उंचावले नाहीत, मूठ आपटली नाही. बसमध्ये जागाच नव्हती.

मला वाटलं, सहल नासवली मी यांची. आता तक्रार जाणार, सोर्लीच्या नोकरीवर येणार. मागून एक जाडसर पुरुषी आवाज आला, "त्या बाईचं नाव काय होतं?"

कुणी कधी विचारलं नव्हतं. शाळेतल्या पोरांनीसुद्धा नाही. त्यांना ते जन्मापासून ठाऊकच असायचं.

"मार्सली," मी म्हटलं. डोनाल्डिनाची खापरपणजी. तिची थोरली लेक तेवढी चाकरीला इथेच राहिली होती.

"मार... काय?"

"मार्सली."

आणि मग सगळी बस ते नाव म्हणून बघायला लागली. कुणी र गिळला, कुणी ल लांबवला. मागच्या दोन जर्मन पोरी एकमेकींना दुरुस्त करत होत्या. एक कोरियन म्हातारा डोळे मिटून पुटपुटत होता. मार्सली, मार्सली, मार्सली. वळणावळणाच्या रस्त्यावर, काचांवर पाऊस, आणि सगळ्या जगाच्या तोंडात एक नाव. जहाजात चढल्यापासून ते इतक्या तोंडांत एकदम कधी गेलं असेल?

मी माईक सोर्लीला परत दिला. हो, मी. स्वतःहून.

त्याने घेतला आणि बंद करून बाजूला ठेवला.

तिसऱ्या किल्ल्यापाशी पाऊस वाढला. डार्लीन उतरली नाही. झगा काढून मांडीवर घडी घालत बसली. मी म्हटलं, "रागावलात का?"

"छे गं." मला एकदम अगं-तुगं. बरं वाटलं. "आमचेही असेच कुठून तरी गेले. कुठून ते ठाऊक नाही. जहाजाचं नाव तेवढं ठाऊक आहे. त्यांनीही कुणाचे तरी आभार मानले असतील."

"आणि तू हा असला झगा घालून त्या जमीनदाराच्या मागे..."

"अगं इफी, हा झगा नसता तर मी आलेच नसते! मी काय अभ्यासाला आले होते? त्या पोराच्या ओल्या सदऱ्यामागे आले." पुन्हा तेच सीट हलवणारं हसू. मग म्हणाली, "हे तू तुझ्या गावात कुणाला सांगतेस?"

"शाळेतल्या पोरांना सांगायचे."

"आता?"

"शाळा बंद झाली. पोरंच राहिली नाहीत."

"मग आता कुणाला?"

भर सभेत खासदाराला निरुत्तर केलेली मी. सकाळची तिची मेपलची गोळी तोंडात टाकली.

उतरताना सोर्ली म्हणाला, "बाई, एक विचारू? ते टोप्या काढल्याचं... मी सांगितलं तर चालेल? पुढच्या बसला?"

"आधी मार्सलीचं नाव नीट म्हण."

म्हणाला. मी तीनदा म्हणायला लावलं. मास्तरकी सुटत नाही.

टॉर्किल न्यायला आला होता. "कशी झाली?" म्हटलं, भयंकर. "बिस्किटं?" म्हटलं, बरी होती.

१७ मे, शुक्रवार

शनिवारचं भाषण घेऊन गढीच्या पायऱ्यांवर गेले. मला उघड्यावर वाचून पाहायची सवय आहे. आज ऊन. गोर्सची पिवळी झुडपं पेटल्यासारखी फुललीत, नारळासारखा वास. छपराचा आणखी एक कोपरा खाली आलाय. कावळे आत-बाहेर.

पहिलं वाक्य मोठ्याने म्हटलं. "मित्रहो, दगडांना लाज नसते." कावळे उडाले.

वाट पाहिली. कुणाची कोण जाणे. दुपारपर्यंत एक माणूस आला, कुत्रा घेऊन फिरणारा, दक्षिणेकडचा. मी उभी राहिले. म्हटलं, या, या पायऱ्यांबद्दल काही... तो म्हणाला, "हो हो, इथं जवळ स्वच्छतागृह कुठे आहे?" दाखवलं. गेला.

डोनाल्डिना कुंपण दुरुस्त करत होती. हातोडा खांद्यावर टाकून आली.

"भाषण झालं?"

"झालं."

"तोंड असं का मग? बसमध्ये काय पाजलं तुला?"

बसमधलं सांगितलं तिला. मार्सलीचं नाव सगळ्यांनी कसं घेतलं, तेही. ती खालच्या पायरीवर बसली. हातोड्याने चिखल टोकरला. मग म्हणाली, "छान. पण ती बस तुझं ऐकायला आली नव्हती, इफी. पोराच्या सदऱ्यासाठी आली होती. तू नेमकी तिथं होतीस, म्हणून ऐकलं. उद्या आपल्याकडे बसा येतील, तू असशील. दहा वर्षांनी तू नसशील, बसा असतील. तेव्हा पायऱ्यांवर फक्त अंगठी राहील."

याला म्हणतात युक्तिवाद! माझ्या भाषणात घेतला. शब्द न शब्द. त्याहून चांगलं मला मांडता येणार नाही.

संध्याकाळी टॉर्किलच्या दारावरून जाताना तो बागेत होता, कांद्याच्या रोपांशी भांडत. विचारलं, "बसा आल्याच समजा. पायऱ्यांवर बोलणार कोण?"

"बोलायला तुला कुणी कधी अडवलंय का?"

"मी मेल्यावर?"

तो उठला, कंबर धरून. "मग तू कुणाला तरी शिकवून मर. शिक्षिका ना तू? की नुसती पगाराची?"

मी फाटक आपटून निघाले. त्याच्या कांद्यांना कीड लागो!

१८ मे, शनिवार

सभेआधीची दोन वाक्यं, मग निघते.

आमच्या गावची एक रीत आहे, गढी घेतली तेव्हापासूनची. दोन्ही बाजूंचा एकेक बोलणारा आठवडाभर आधी नेमायचा. नेमला की त्याने बोलायचंच, आणि मनापासून बोलायचं. मन डगमगलं, ताप आला, सर्दी झाली, सबब चालत नाही. कारण विरोधाची बाजू कुणी नीट मांडलीच नाही, तर ठराव होतो तो नुसत्या कंटाळ्याने. ही रीत मीच घालायला लावली होती. मत देताना हात मात्र ज्याचा त्याचा.

भाषण तयार आहे. या जन्मात केलेलं सगळ्यात चांगलं भाषण असेल. दगडांची लाज, अंगठी, डोनाल्डिनाची दहा वर्षं, सगळं आहे. एकही वाक्य खोटं नाही. सगळं मला पटतं.

निळी, लुगड्याएवढी शाल घेतलीय, जुन्या लढ्यात प्रत्येक सभेला असायची ती. डोनाल्डिना मोटारीचा भोंगा वाजवतेय.

१९ मे, रविवार

भाषण विरोधात केलं. सभागृहात खुर्च्या वाजेपर्यंत टाळ्या. डोनाल्डिना उघड रडली. टॉर्किल नंतर उठला, कागद हातात धरून, आणि म्हणाला, "आता मी काय बोलणार?" आणि खरंच फार बोलला नाही. छप्पर पडतंय, एवढंच. मला वाटलं, जिंकले.

मग त्याने ठरावाच्या बाजूचे हात वर करायला सांगितले. आणि मग विरोधाचे.

त्याने मोजले. पुन्हा मोजले. घाम पुसला. ठराव मंजूर. एका हाताने.

सभागृह उठलं तरी तो माझ्याकडेच बघत होता. जवळ आला, हळूच म्हणाला, "इफी, मी बाजूचे हात मागितले तेव्हा तुझा वर होता. चुकून राहिला असेल, तर अजून सांग. मी पुन्हा मोजतो."

मी म्हटलं, "बरोबर मोजलास."